पाणक्या म्हणून हिणवण्यापूर्वी : भुशीचे धरण, जाकार्ताचे सुवर्ण आणि फोर्तुनातो फ्रँको

पावसाळ्यातल्या कुठल्याही रविवारी लोणावळ्याहून भुशीकडे जाणारा रस्ता पाहावा. गाड्यांची न संपणारी रांग, भाजलेल्या कणसांचा धूर, कांदाभजीचे घाणे आणि धरणाच्या पायऱ्यांवरून ओसंडणाऱ्या पाण्यात बसलेली हजारो माणसे. या हजारांतल्या किती जणांना ठाऊक असते की हे धरण कुणी भिजावे म्हणून बांधलेले नाही? ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेच्या वाफेच्या इंजिनांची तहान भागवण्यासाठी ते बांधले गेले आणि आजही ते रेल्वेच्याच मालकीचे आहे.

वाफेच्या इंजिनाला कोळसा जितका लागतो, त्याहून कितीतरी अधिक पाणी लागते. बोरघाटाचा चढ काही ठिकाणी ३७ फुटांना १ फूट इतका तीव्र. सुमारे १,८०० फूट चढून आलेले इंजिन लोणावळ्याला पोहोचते तेव्हा ते तहानेलेले असते. त्याला पाणी मिळाले नाही, तर पुण्याची गाडी पुण्याला जात नाही. इतके साधे गणित आहे. गाडी वेळेवर पोहोचली याचे श्रेय मात्र कधीही भुशीला मिळालेले नाही.

२१ एप्रिल १८६३ रोजी गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांनी बोरघाटाच्या रेल्वेमार्गाचे उद्घाटन केले. त्या दिवसाशी जोडलेली नावे इतिहासप्रेमी तरुणांना तोंडपाठ असतात. मुख्य अभियंता जेम्स बर्कली, पहिला कंत्राटदार फॅव्हिएल, दुसरा कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल आणि तो येथे येऊन अल्पावधीतच वारल्यावर काम तडीस नेणारी त्याची पत्नी अ‍ॅलिस ट्रेडवेल. अ‍ॅलिसबाईंवर तर अलीकडे दर महिन्याला एखादा धागा निघतो, आणि तो निघावाच. परंतु १८६१ साली, कामाचा जोर शिगेला पोहोचला होता तेव्हा, या घाटात ४२,००० मजूर राबत होते. २५ बोगदे त्यांनी फोडले. त्यांच्यापैकी एकाचे तरी नाव कुणाला सांगता येईल काय?

ही केवळ रेल्वेच्या इतिहासाची खोड नाही. फीत कापणारा, शिखरावर झेंडा रोवणारा, शेवटचा घाव घालणारा एवढ्यांनाच इतिहासात घ्यायचे आणि उरलेल्यांना ‘व इतर’ या दोन शब्दांत गुंडाळायचे, ही आपल्या एकूण इतिहासलेखनाची खोड आहे. ती सर्वांत उघडी पडते फुटबॉलच्या इतिहासात. म्हणून या धाग्याचा विषय फुटबॉल. नेमके सांगायचे तर, मैदानाच्या मध्यभागी आयुष्य घालवणारा कष्टाळू खेळाडू.

या खेळाडूला हिणवण्यासाठी एक शब्द जगभर वापरला जातो. १९९६ साली फ्रान्सचा एरिक कँटोना आपल्याच देशाच्या दिदिए देशाँविषयी तुच्छतेने म्हणाला की तो पाणक्या आहे. असे खेळाडू कुठल्याही गल्लीच्या कोपऱ्यावर मिळतात, असे त्याचे म्हणणे होते. देशाँ तेव्हा इटलीतल्या युव्हेंटस क्लबात मधल्या फळीत खेळत होता. ज्या वर्षी हे बोलणे झाले त्याच वर्षी युव्हेंटस युरोपचा विजेता ठरला. दोन वर्षांनी देशाँने कर्णधार म्हणून फ्रान्ससाठी विश्वचषक उचलला, २००० साली युरोपीय विजेतेपद मिळवले आणि २०१८ साली प्रशिक्षक म्हणून पुन्हा विश्वचषक जिंकला. कँटोना महान खेळाडू होता यात वाद नाही. विश्वचषकाच्या अंतिम फेरीत मात्र तो एकही सामना खेळला नाही.

पण मुद्दा देशाँ पुढे किती जिंकला हा नाहीच. पाणक्या ही शिवी कशी काय झाली, हा मुद्दा आहे. मराठी मुलखाला तरी ती शिवी वाटण्याचे कारण नाही. पैठणला एकनाथांच्या घरी श्रीखंड्या नावाचा एक पोऱ्या बारा वर्षे कावडीने गोदावरीचे पाणी वाहत होता आणि तो साक्षात द्वारकेचा श्रीकृष्ण होता, अशी आपल्याकडची कथा आहे. नाथांच्या वाड्यातला तो रांजण आजही भाविक भरतात. कथा ऐतिहासिक पुरावा नव्हे, हे इतिहासप्रेमींना सांगायला नको. परंतु समाज कोणत्या कामाला प्रतिष्ठा देतो हे कथेतून कळते. आपल्या समाजाने देवाला घोड्यावर बसवले, रथावर बसवले आणि पाणीही भरायला लावले.

इटलीत या भूमिकेला ‘मेदियानो’ असे स्वतंत्र नाव आहे. प्रतिस्पर्ध्याची चाल मोडायची, चेंडू हिसकावायचा आणि ज्याला तो चांगला खेळवता येतो त्याच्याकडे सोपवून पुन्हा धावत सुटायचे, असे त्याचे काम. गॅब्रिएले ओरियाली हा त्याचा आदर्श नमुना. १९७० ते १९८३ इंटर मिलान, त्यानंतर १९८७ पर्यंत फिओरेंतिना. लुचानो लिगाबुए या लोकप्रिय गायकाने १९९९ साली मेदियानोच्या आयुष्यावर गाणे केले, त्यात ओरियालीचे नाव येते. गोल न करणाऱ्या माणसावर गाणे रचणारा देश आहे तो. आपल्याकडे गोल करणाऱ्यांवरही कुणी गाणे रचलेले ऐकिवात नाही, हा भाग वेगळा.

११ जुलै १९८२, माद्रिद, विश्वचषकाचा अंतिम सामना. इटलीने पश्चिम जर्मनीला ३-१ असे हरवले. गोल रोस्सी, तार्देल्ली आणि आल्तोबेल्ली यांचे. ही झाली धावफलकाची भाषा. आता पहिला गोल कसा झाला ते पाहावे. ओरियालीला पाडले गेले, फ्री किक मिळाली. तार्देल्लीने जर्मन सावरण्याआधीच ती झटपट घेतली, उजवीकडून जेंतीलेने चेंडू गोलसमोर टाकला आणि रोस्सीने तो डोक्याने जाळ्यात ढकलला. पूर्वार्धात इटलीने पेनल्टी वाया घालवली होती आणि संघ अडखळत होता. ती कोंडी ज्या क्षणी फुटली, त्या क्षणी ओरियाली जमिनीवर पडलेला होता. गोल करणाऱ्यांच्या यादीत पडलेल्या माणसासाठी रकाना नसतो.

दुसरे उदाहरण जेन्नारो गॅत्तूसोचे. कॅलाब्रिया या इटलीच्या गरीब दक्षिण टोकातला हा गडी. पेरुजा, मग स्कॉटलंडचा रेंजर्स, सालेर्नो आणि १९९९ पासून २०१२ पर्यंत एसी मिलान. २००३ आणि २००७ ची चॅम्पियन्स लीग, २००६ चा विश्वचषक. इटलीकडून ७३ सामने आणि गोल किती? एक. केवळ एक. गोलांच्या हिशेबाने इतिहास लिहिणाऱ्याने हा माणूस खोडूनच टाकायला हवा. पण तो खोडला की २००६ च्या इटलीचे कोडे सुटत नाही. त्या संघात आंद्रेआ पिर्लोसारखा कलावंत डोके शांत ठेवून खेळू शकत होता, कारण त्याच्या आसपासची सगळी आग विझवायला दुसरा कुणीतरी पळत होता.

इथपर्यंत इटलीचे कौतुक झाले. आता घरचे पाहू.

दरवर्षी ४ सप्टेंबर आला की समाजमाध्यमांवर १९६२ च्या जाकार्ता आशियाई क्रीडास्पर्धेच्या आठवणींचा पूर येतो. २०२४ साली ‘मैदान’ हा चित्रपट आल्यापासून तर त्याला अधिकच भरती आली. त्या आठवणींतले तपशील ठरलेले असतात. कर्करोगाने पोखरलेले प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम. डोक्याला टाके पडलेले असताना आघाडीला खेळलेले जरनैल सिंग. पी. के. बॅनर्जी, चुनी गोस्वामी, तुलसीदास बलराम. विरोधात ओरडणारे प्रचंड प्रेक्षागृह. हे सगळे खरे आहे आणि सांगण्यासारखेही आहे. पण मराठी धाग्यांतसुद्धा, त्या संघात मुंबईच्या मैदानांवर घडलेला एक हाफ-बॅक होता हे क्वचितच येते. आले तर ‘व इतर’मध्ये.

त्यांचे नाव फोर्तुनातो फ्रँको. जन्म १९३७, गोव्यातले कोलवाळ. लहानपणीच कुटुंबाबरोबर मुंबईला आले आणि तिथेच फुटबॉल शिकले. वेस्टर्न रेल्वे, टाटा स्पोर्ट्स क्लब आणि पुढे गोव्याचा साळगावकर, हा त्यांचा क्लबांचा प्रवास. महाराष्ट्राकडून ते संतोष ट्रॉफी खेळले. १९६३-६४ ची ट्रॉफी महाराष्ट्राने जिंकली, ती याच पिढीच्या बळावर. १० मे २०२१ रोजी, महामारीच्या दुसऱ्या लाटेत सारा देश बुडालेला असताना, वयाच्या ८४ व्या वर्षी ते गोव्यात वारले. (टाटांचे नाव मावळात अनोळखी नाही. भुशीच्या शेजारची वळवण आणि लोणावळ्याची तळी त्यांच्याच खोपोलीच्या वीजघरासाठी. एका डोंगरावर रेल्वेचे पाणी आणि टाटांचे पाणी, आणि एका खेळाडूच्या अंगावर आधी रेल्वेचा, मग टाटांचा सदरा. योगायोग म्हणून नोंदवावे, याहून अधिक काही नाही.)

फ्रँको यांच्या कारकिर्दीचे पहिले मोठे पान इटलीतच लिहिले गेले. किंबहुना कोरे राहिले. १९६० च्या रोम ऑलिंपिकसाठी निवडलेल्या भारतीय संघात ते होते. भारत लाक्विलात हंगेरीशी १-२ असा झुंजून हरला, ग्रोसेतोत फ्रान्सला १-१ असे बरोबरीत रोखले आणि पेरूकडून १-३ असा पराभूत झाला. या तिन्ही सामन्यांत फ्रँको यांना मैदानावर उतरण्याची संधी मिळाली नाही. बदली खेळाडूची सोय तेव्हा नव्हती. विश्वचषकातसुद्धा ती १९७० साली आली. पहिल्या अकरांत नाव नसले की पूर्ण सामना बाहेर बसून पाहायचा. तेविशीतला तरुण समुद्र ओलांडून जातो, तीन सामने पाहतो आणि परत येतो. पुढची दोन वर्षे त्यांनी काय केले याची बातमी कुणी छापली नाही, कारण सराव ही बातमी नसते. पण १९६२ साली जाकार्तात रहीमसाहेबांच्या मधल्या फळीत त्यांची जागा पक्की झालेली होती.

आता रहीमसाहेबांची मांडणी समजून घ्यावी लागेल, नाहीतर हा सगळा वाद हवेत राहील. हैदराबादचे हे गुरुजी, पेशाने खरोखरच शिक्षक, भारतात ४-२-४ ही रचना रुजवणाऱ्यांत अग्रणी होते. गोलरक्षक सोडून उरतात दहा जण. चार मागे, चार पुढे आणि मध्ये फक्त दोन. मैदान साधारण १०५ मीटर लांब आणि ६८ मीटर रुंद. आघाडीच्या चौघांनी चढाई केली की मागचे चौघे आणि पुढचे चौघे यांच्यात जे अफाट रान उघडे पडते, त्याची राखण दोघांनी करायची. चेंडू आपल्याकडे असेल तर पुढच्यांना पुरवायचा, गेला तर सगळ्यांत आधी आडवे जायचे. या रचनेत आघाडीवाल्याला दम खायला वेळ मिळतो. बचाववाल्याचीही जागा ठरलेली असते. मधल्या दोघांना मात्र बसायला जागा नाही.

स्पर्धेची सुरुवात वाईट झाली. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियाने भारताला २-० असे हरवले. मग थायलंडवर ४-१, जपानवर २-० आणि उपांत्य फेरीत दक्षिण व्हिएतनामवर ३-२ असे विजय मिळवून भारत अंतिम सामन्यात पोहोचला. समोर पुन्हा दक्षिण कोरिया. इस्राएल आणि तैवानला यजमानांनी स्पर्धेबाहेर ठेवल्यावर भारताचे गुरुदत्त सोंधी यांनी त्याविरुद्ध आवाज उठवला होता, त्यामुळे जाकार्ताचे प्रेक्षक भारतीय खेळाडूंवर खवळलेले होते.

अंतिम सामना भारताने २-१ असा जिंकला. पी. के. आणि जरनैल, दोघांचेही गोल पहिल्या वीस मिनिटांतले. कोरियाने आपला एकमेव गोल केला तो शेवटची काही मिनिटे उरली असताना.

या कालक्रमावर जरा थांबावे. इतिहासप्रेमी म्हणवणाऱ्याने सनावळी पाठ करून भागत नाही, सनावळीच्या मधल्या रिकाम्या जागांना प्रश्न विचारावा लागतो. विसाव्या मिनिटाला भारत २-० ने पुढे आहे. सामन्याचा तीन चतुर्थांशाहून अधिक भाग अजून उरलेला आहे. समोर तोच संघ आहे ज्याने काही दिवसांपूर्वी आपल्याला दोन गोलांनी लोळवले. प्रेक्षागृह विरोधात. बदली खेळाडू नाही. आघाडीला डोक्याला जखम झालेला बचावपटू खेळतो आहे. अशा स्थितीत तासभराहून अधिक काळ धावफलक हललाच नाही. त्या काळात काय चालले होते? धावफलक म्हणतो, काहीच नाही. सुवर्णपदक मात्र तिथेच राखले गेले. पहिल्या वीस मिनिटांनी भारताला आघाडी दिली आणि उरलेल्या सत्तर मिनिटांनी पदक दिले. आपल्या सगळ्या आठवणी वीस मिनिटांच्या आहेत.

मराठीत या कामाला नेमका वाक्प्रचार आहे : खिंड लढवणे. १३ जुलै १६६० च्या रात्री आणि दिवसा बाजीप्रभू देशपांडे आणि बांदल सेनेने जे केले, ते काय होते? त्यांनी कुठला किल्ला घेतला नाही, कुठला प्रांत जोडला नाही. त्यांनी वेळ राखला. आपल्या इतिहासातला सर्वांत हृदयस्पर्शी प्रसंग हा अडवणाऱ्याचा प्रसंग आहे, मारणाऱ्याचा नव्हे. मावळातल्या पोराला हे कुणी शिकवावे लागत नाही. लोहगडावर जाऊन ज्याच्या अंगावर काटा येतो, तोच तरुण फुटबॉलविषयी लिहिताना ‘गोल किती केले?’ असे विचारतो, तेव्हा त्याने आपलीच परंपरा विसरून कँटोनाची उसनी ऐट आणलेली असते.

या म्हणण्यावर तीन आक्षेप नेहमी घेतले जातात.

पहिला असा की, काही झाले तरी सामना गोलांनी जिंकला जातो. बरोबर. गाडीही इंजिनानेच ओढली जाते. कर्जतला थांबलेल्या गाडीच्या मागे अजूनही जादा इंजिने लागतात. बँकर म्हणतात त्यांना. ती लोणावळ्यापर्यंत गाडी मागून ढकलतात, वर आली की सुटी होतात आणि पुढच्या गाडीसाठी खाली परततात. मुंबई-पुणे करणाऱ्या कुठल्याही प्रवाशाने तो धक्का अनुभवलेला असतो. पुढच्या इंजिनाचे काम खोटे आहे असे कुणी म्हणत नाही. परंतु मागचे इंजिन काढून घाट चढून दाखवा, एवढेच म्हणणे आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आणि अभ्यासकाच्या तोंडी शोभणारा आहे. पुरावा काय? आज खेळाडूच्या पाठीवर यंत्र असते, तो किती किलोमीटर धावला, किती वेळा चेंडू हिसकावला, किती पास अचूक गेले याची मोजदाद होते. १९६२ साली असे काही नव्हते. मग फ्रँको यांनी नेमके काय केले, हे कशावरून सांगायचे? प्रश्न रास्त आहे, पण त्याचे उत्तर प्रश्नकर्त्यांनीच अन्यत्र दिलेले आहे. बोरघाटातल्या मजुराची सही कुठल्या कागदावर नाही म्हणून बोगदा आपोआप पडला असे कुणी म्हणत नाही. बोगदा हाच पुरावा. साधनांचे मौन म्हणजे कामाचा अभाव नव्हे, हे इतिहासशास्त्राच्या पहिल्या इयत्तेत शिकवले जाते. धावफलक हेही एक साधनच आहे, आणि प्रत्येक साधनासारखे तेही कुणाच्या तरी सोयीसाठी तयार झालेले आहे. तारेने बातमी पाठवायची तर निकाल आणि गोल करणाऱ्यांची नावे एवढेच मावत असे. बातमीदाराची काटकसर आपण इतिहासाचे सत्य म्हणून स्वीकारून बसलो आहोत. बखर वाचताना ‘हे कुणी लिहिले, कुणासाठी लिहिले, काय गाळले’ असे विचारणारे चिकित्सक तरुण खेळाच्या पानाशी आले की एकदम भाविक होतात, हे नवल आहे.

तिसरा आक्षेप सर्वांत धूर्त. मेहनत तर सगळेच करतात, म्हणे. कौशल्य मात्र मोजक्यांपाशी असते, म्हणून इतिहास मोजक्यांचा. इथे ‘कष्टाळू’ हे विशेषणच सापळा बनते. कष्टाळू म्हटले की हुशार नाही असे न बोलता सुचवता येते. शेतमजूर, हमाल, गृहिणी, मधल्या फळीचा खेळाडू, सगळ्यांचे कौतुक याच शब्दात करतात आणि याच शब्दाने त्यांना दाराबाहेर ठेवतात. वास्तविक चेंडू कुठे जाणार हे तो जाण्याआधी ओळखणे, दोन प्रतिस्पर्ध्यांपैकी कुणाला मोकळे सोडले तर चालेल हे क्षणार्धात ठरवणे, पळण्याची गरजच पडू नये अशा जागी आधीच उभे असणे, ही बुद्धीची कामे आहेत. आंधळेपणाने धावणारा अर्ध्या तासात थकतो. सत्तर मिनिटे खिंड लढवणारा विचार करूनच लढवतो. रहीमसाहेबांसारख्या काटेकोर गुरुजींनी रोममध्ये बाहेर बसवलेल्या तरुणाला जाकार्तात उभे केले, ते त्याचा घाम पाहून नव्हे.

आणि ज्यांना वाटते की हा सगळा केवळ आठवणींचा, लाइक-शेअरचा वाद आहे, त्यांनी अर्जुन पुरस्कारांची यादी काढून पाहावी. पी. के. बॅनर्जी १९६१, तुलसीदास बलराम १९६२, चुनी गोस्वामी १९६३, जरनैल सिंग १९६४, अरुण घोष १९६५, गरज पडेल तिथे खेळणारे युसुफ खान १९६६, गोलरक्षक पीटर थंगराज १९६७. जाकार्ताच्या संघातल्या सात जणांचा गौरव झाला, आणि तो सर्वस्वी योग्य होता. गोलरक्षक आहे, बचावपटू आहेत, आघाडीवीर आहेत. फ्रँको, राम बहादूर, प्रशांत सिन्हा हे त्या संघाचे हाफ-बॅक. तिघांपैकी एकाचेही नाव त्या यादीत नाही. मधली फळी गाळून उरलेला संघ सन्मानित झाला आहे. कुणी द्वेषाने केले असेल असे वाटत नाही. द्वेष असता तर निदान दखल तरी घेतली गेली असती.

मुंबईच्या फुटबॉलची गोष्ट सांगतानाही तीच तऱ्हा. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये नेव्हिल डिसोझांनी ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले. ऑलिंपिकमध्ये हॅटट्रिक करणारे ते पहिले आशियाई. मुंबईचा हा अभिमान सांगावा तेवढा थोडा. पण त्यावर धागा लिहिणाऱ्यांनी एकदा स्वतःला विचारावे : त्यांच्या मागे मधल्या फळीत कोण खेळत होते? केम्पय्या, नूर महंमद, निखिल नंदी ही त्या संघातल्या हाफ-बॅकची नावे किती जणांनी आजवर लिहिली?

हे आत्ताच का लिहायचे, यालाही कारण आहे. क्लब मरतात आणि क्लबाबरोबर स्मृती मरते. १८९१ साली मुंबईत सुरू झालेला रोव्हर्स कप नव्या शतकाच्या उंबरठ्यावर बंद पडला. २००५-०६ साली राष्ट्रीय लीग जिंकणारा महिंद्रा युनायटेड २०१० साली गुंडाळला गेला. पुणे जिल्ह्याची कथा तर अधिकच करुण. मावळाच्या वेशीवर, मामुर्डीला, पुणे एफसीची अकादमी होती. २०१२-१३ च्या आय-लीगमध्ये हा क्लब दुसऱ्या क्रमांकावर आला. २०१५ साली तो संपला. २०१४ साली आलेल्या एफसी पुणे सिटीशी इटलीच्या फिओरेंतिनाची भागीदारी होती. तोच फिओरेंतिना, ज्याच्यासाठी ओरियालीने आपल्या कारकिर्दीची शेवटची चार वर्षे खर्ची घातली. २०१९ साली हाही क्लब गेला आणि त्याची जागा हैदराबादने घेतली. डीएसके शिवाजीयन्स, भारत एफसी हे त्याआधीच गेलेले. बालेवाडीच्या दिव्यांखाली झालेले गोल आजही संगणकावर सापडतात. गोल करणाऱ्याचे नाव, मिनिट, सगळे. पण या सगळ्या क्लबांच्या मधल्या फळीत घाम गाळलेल्या पोरांचे काम कुठे आहे? ते प्रशिक्षकांच्या आणि प्रेक्षकांच्या डोक्यात आहे आणि तिथून ते हळूहळू पुसले जात आहे.

कोल्हापूरकडे पाहिले की थोडा धीर येतो. तिथे पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, बालगोपाल, दिलबहार, शिवाजी तरुण मंडळ यांच्या सामन्यांना शाहू स्टेडियम भरते आणि पेठेतला म्हातारा अमक्या पोराने अमक्या सामन्यात चेंडू कसा अडवला होता हे हातवारे करून सांगतो. ही मौखिक परंपरा म्हणजे गोलांच्या यादीला दिलेले जिवंत उत्तर आहे. तिलाही कुणी लिहून ठेवलेले नाही, तो भाग निराळा.

फ्रँको गेले तेव्हा वर्तमानपत्रांत चार ओळी आल्या. त्यांना कूपरेजवर टाटांच्या सदऱ्यात खेळताना ज्यांनी पाहिले, ते प्रेक्षक आज पंचाहत्तरीच्या पुढे आहेत. गिरगाव, माझगाव, वांद्रे इथल्या जुन्या वाड्यांत आणि चाळींत, गोव्यात, पुण्याच्या कॅम्पात ते अजून भेटतात. किल्ल्यांवरचे शिलालेख वाचायला उन्हातान्हात चढणाऱ्या तरुणांनी एखादी संध्याकाळ त्यांच्याकडे काढावी. फोनवर आवाज नोंदवण्याची सोय आता प्रत्येकाच्या खिशात आहे. मात्र बसल्या बसल्या ‘गोल कुणी केला?’ असे विचारू नये, ते छापलेले आहे. विचारावे ते असे, की चेंडू समोरच्याच्या पायात गेला तेव्हा फ्रँको कुठे होते, कुणाला हाक मारत होते, आणि सामना संपल्यावर त्यांच्या सदऱ्याला किती माती लागलेली असायची.